रस्त्याचा धनी कोण?

खाजगी जमिनीवर शेजाऱ्यानें हातभर कुंपण पुढें सरकविलें, तर मालक दुसऱ्याच दिवशीं वकिलाचें दार ठोठावतो. परंतु तेंच कुंपण सार्वजनिक रस्त्यावर आलें, तर शेंकडों लोक त्यास वळसा घालून जातात आणि कोणी ब्र काढीत नाहीं. सर्वांची वस्तु ती कोणाचीच नव्हे, ही जी समजूत आपल्यांत मुरली आहे, तींतूनच अतिक्रमण जन्मास येतें. कायदा करणारांस हा दोष ठाऊक होता. म्हणूनच १९६३ च्या मुदतीच्या कायद्यानें खाजगी जमिनीचा ताबा मागण्यास १२ वर्षें दिलीं असतां, सार्वजनिक रस्त्याची जागा परत मागण्यास स्थानिक संस्थांना ३० वर्षें दिलीं. मालक झोंपाळू आहे हें ओळखून दिलेली ही सवलत होय. झोंपण्याचा परवाना नव्हे.

या विषयांत ऑल्गा टेलिस खटल्यांतील सर्वोच्च न्यायालयाच्या १९८५ च्या निकालाचा दाखला नेहमी दिला जातो. १९८१ सालीं ऐन पावसाळ्यांत मुंबईच्या पदपथांवरील झोंपड्या हटविण्याचें सरकारनें ठरविलें, त्यांतून हा खटला उद्भवला. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्यासह पांच न्यायाधीशांनीं दोन गोष्टी सांगितल्या. जगण्याच्या हक्कांत उपजीविकेचा हक्क येतो, म्हणून हटविण्यापूर्वीं सामान्यतः नोटीस देऊन माणसाचें म्हणणें ऐकलें पाहिजे, ही पहिली. पदपथ चालणारांसाठीं आहे, त्यावर घर बांधण्याचा हक्क कोणासही नाहीं, ही दुसरी. झोंपडीवाल्यांचे कैवारी पहिली गोष्ट पाठ म्हणतात, बुलडोझर धाडणारे दुसरी. समग्र निकाल वाचण्याची तसदी मात्र कोणी घेत नाहीं.

१३ नोव्हेंबर २०२४ रोजीं न्या. गवई व न्या. विश्वनाथन यांनीं १५ दिवसांच्या नोटिशीशिवाय कोणाचेंही बांधकाम पाडूं नये, असे निर्देश दिले. रस्ता, पदपथ, रेल्वेमार्ग, नदी-जलाशय अशा जागांवरील अनधिकृत बांधकामें मात्र त्यांतून वगळलीं. यावरून रस्त्यावरील माणसाचें ऐकण्याचें कारणच उरलें नाहीं, असें जो अधिकारी समजेल तो चुकेल. दोघांच्या पीठाचा अपवाद पांचांच्या पीठानें घालून दिलेला न्याय पुसूं शकत नाहीं.

आमच्या मतें या दोन तत्त्वांत विरोध नाहींच. विरोध उत्पन्न होतो तो दिरंगाईमुळें. पहिला खांब रोवतांच दिलेली नोटीस कोणास जड होत नाहीं. वीस वर्षें वीज, पाणी व मतदारयादी यांनीं स्थिरावलेला संसार एका सकाळीं उठविणें जड होतें. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या ५० व्या कलमानें सरकारी जमिनीवरील अतिक्रमण हटवितां येतें, लगतच्या ५१ व्या कलमानें तें नियमित करतां येतें. अधिकाऱ्यानें ५० वें कलम वेळेवर उघडलें नाहीं, कीं लोकांचे डोळे ५१ व्याकडे लागलेच म्हणून समजावें!

आतां आमच्या व्यापारी वाचकांस दोन शब्द. हातगाडी दिसली कीं आपण तिला अतिक्रमण म्हणतों. आपल्या दुकानाचा ओटा रस्त्यावर आला तर तिला गिऱ्हाइकांची सोय म्हणतों. वस्तुतः फेरीवाल्याची पाहणी होऊन त्यास प्रमाणपत्र मिळेपर्यंत हटवूं नये, असें २०१४ चा कायदा सांगतो. ओट्यासाठीं त्यांत एक ओळही नाहीं. तेव्हां नगरपालिकेकडे तक्रार घेऊन जाण्यापूर्वीं प्रत्येकानें आपल्या पायरीस दोरी लावून पाहावी. नगरपालिकेनेंही प्रत्येक अतिक्रमणाची यादी, नोटिशीच्या तारखेसह, चावडीवर लावावी. आणि तींत धनाढ्याचें नांव गरिबाच्या खालीं दडवूं नये.

रस्त्याचा धनी आपण सर्व आहों. धनी म्हणवून घ्यावयाचें असेल, तर जागें राहिलें पाहिजे.