नाळ कापण्याची एवढी घाई कशाला?

बाळाने टाहो फोडला की प्रसूतिगृहात धावपळ सुरू होते. कुणी बाळाला पुसते, कुणी वजनकाटा पुढे ओढते, दाराबाहेर आजी ‘काय झालं?’ म्हणून ताटकळत उभी असते. या गडबडीत नाळेला चिमटा लागतो आणि ती कापली जाते. सारे काही दहा-पंधरा सेकंदांत उरकते. नंतर बाळंतिणीला विचारले, तर नाळ केव्हा कापली हे तिला सांगता येणार नाही. तिच्या नातेवाइकांनाही नाही. जन्माची वेळ मात्र पत्रिकेसाठी सेकंदासकट टिपून ठेवलेली असते! त्याच घड्याळाकडे आणखी तीन मिनिटे पाहिले असते, तर बाळाला त्याचा खरोखरच उपयोग झाला असता.

बाळ बाहेर आले तरी वार अजून गर्भाशयातच असते आणि त्या वारेत बाळाच्याच रक्ताचा मोठा वाटा शिल्लक असतो. नाळेतून तो बाळाकडे येत राहतो. पूर्ण दिवस भरलेल्या बाळाला पहिल्या मिनिटात साधारण ८० मि.ली. आणि तीन मिनिटांत १०० मि.ली.पर्यंत रक्त असे मिळते. १०० मि.ली. म्हणजे चहाचा एक छोटा कप, मोठ्या माणसाला काहीच नाही. परंतु तीन किलोच्या बाळाच्या अंगात एकूण रक्तच पाव लिटरच्या आसपास असते, हे लक्षात घेतले म्हणजे त्या कपाची किंमत कळते. शिवाय तेवढ्या रक्तात सुमारे ५० मिलीग्रॅम लोह असते. आईचे दूध इतर सर्व बाबतींत उत्तम असले तरी त्यात लोह फार थोडे. म्हणून पहिले सहा महिने बाळ मुख्यतः जन्माच्या वेळी मिळालेल्या साठ्यावरच काढते. चिमटा लवकर लागला की तो साठा वारेबरोबर बादलीत जातो.

या गोष्टीचा शोध दिल्लीतच चांगला घेतला गेला आहे. बहादूरशहा जफर मार्गावरच्या मौलाना आझाद वैद्यकीय महाविद्यालयातील डॉ. आर. गुप्ता आणि डॉ. सिद्धार्थ रामजी यांनी २००२ साली ‘इंडियन पीडियाट्रिक्स’ या नियतकालिकात एक अभ्यास प्रसिद्ध केला. ज्यांचे हिमोग्लोबिन १० ग्रॅमपेक्षा कमी होते अशाच आयांची १०२ बाळे त्यांनी निवडली. काहींची नाळ जन्मताच बांधली, काहींची वार खाली सरकल्यावर. तीन महिन्यांनी तपासले तेव्हा उशिरा नाळ बांधलेल्या बाळांचे हिमोग्लोबिन सुमारे एक ग्रॅमने अधिक होते आणि लोहाचा साठाही स्पष्टपणे जास्त होता. लगेच नाळ कापलेल्या बाळांत रक्तक्षयाची शक्यता त्यांच्या हिशेबाने सातपटींहून अधिक निघाली.

बाळे थोडी होती आणि पाठपुरावा तीन महिन्यांचाच होता, तेव्हा एवढ्यावरच विसंबणे बरोबर नाही. पण या अभ्यासाचे मोल वेगळेच आहे. तो नेमक्या आपल्या घरातल्या बायकांवर केलेला आहे. २०१९ ते २०२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशातल्या ५२ टक्के गर्भवती स्त्रिया आणि पाच वर्षांखालची ६७ टक्के मुले पांडुरोगी आढळली. सगळ्यांना वाढून उरलेसुरले खाणारी सून बाळंत होते, तेव्हा तिच्या बाळाला चहाचा तो एक कप नाकारणे परवडणारे नाही.

पुढे इतर ठिकाणांहूनही असेच निष्कर्ष आले. काठमांडूच्या प्रसूतिगृहातील ५४० बाळांच्या अभ्यासात, २०१७ साली, तीन मिनिटे थांबलेल्यांमध्ये आठव्या महिन्याला रक्तक्षयाचे प्रमाण ७३ टक्के, तर लगेच कापलेल्यांमध्ये ८२ टक्के आढळले. अंतर जादूचे नाही, पण त्यासाठी एक पैसाही खर्च करावा लागलेला नाही. स्वीडनमध्ये तर अशी मुले चार वर्षांची झाल्यावर पुन्हा तपासली गेली. हातांच्या बारीक हालचालींत, विशेषतः मुलग्यांमध्ये, थोडा फरक दिसला.

मग घाईची सवय लागली कुठून? प्रसूतीनंतर आईला होणारा अतिरक्तस्राव हे तिच्या मृत्यूचे मोठे कारण. तो टाळण्यासाठी विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात डॉक्टरांनी तीन गोष्टी एकत्र करायला सुरुवात केली. गर्भाशय आकुंचन पावण्याचे इंजेक्शन, नाळ लगेच बांधणे आणि नाळ हलकेच ओढून वार काढणे. पुढे ध्यानात आले की खरे काम इंजेक्शन करते. नाळ लवकर बांधण्याने आईचा रक्तस्राव कमी होत नाही आणि थांबल्याने वाढतही नाही. जागतिक आरोग्य संघटनेने २०१२ साली स्पष्टच सांगितले की नाळ एक ते तीन मिनिटांच्या दरम्यान बांधावी. २०१८ साली सुरू झालेल्या आपल्या ‘ॲनिमियामुक्त भारत’ मोहिमेतही या सूचनेला जागा मिळाली. कागदावरची सूचना रात्री दोन वाजता गर्दीच्या लेबर रूममध्ये पोहोचायला मात्र वेळ लागतो. एका टेबलाभोवती तीन बायका वाट पाहत असतात तेव्हा परिचारिकेचा हात आपोआप चिमट्याकडे जातो.

खेड्यातली सुईण वार पडेपर्यंत नाळेला हात लावत नसे, हे ऐकून काही जणांना जुने तेच सोने वाटेल. थांबण्यात ती बरोबर होती. पण तिच्या हातातले विळा-पाते गंजलेले असे आणि धनुर्वाताने किती तान्ही बाळे दगावली याला गणती नाही. २०१५ मध्ये माता व नवजात धनुर्वाताचे देशातून निर्मूलन झाल्याचे जाहीर झाले, ते आईला दिलेल्या लसीमुळे आणि स्वच्छ पात्यामुळे. आजच्या बाळाला पाते दवाखान्याचे हवे आणि धीर सुईणीचा.

थांबण्याचे तोटे अजिबात नाहीत असेही नाही. जास्त रक्त आल्याने काही बाळांना कावीळ थोडी अधिक होते आणि निळ्या दिव्याखाली ठेवावे लागते. १०० पैकी तीनऐवजी चार-पाच बाळांना, इतकाच हा फरक आहे. तेव्हा घरी गेल्यावर पहिला आठवडा बाळाचे डोळे आणि त्वचा पिवळी होत नाही ना, हे उजेडात पाहावे. बाळ श्वास घेत नसेल, आईला जोराचा रक्तस्राव होत असेल, वार आधीच सुटली असेल किंवा नाळ फाटली असेल, तर मात्र डॉक्टर थांबणार नाहीत आणि कुणी तसा हट्टही धरू नये. दिवसांआधी जन्मलेल्या बाळांना तर थांबण्याचा फायदा सर्वाधिक आहे. २०२३ साली जगभरातील चाचण्या एकत्र करून पाहिल्या, तेव्हा अशा बाळांच्या मृत्यूचे प्रमाण सुमारे एक तृतीयांशाने घटलेले दिसले.

थांबायला वेळच नसेल तर नाळ बोटांनी पिळून रक्त बाळाकडे ढकलण्याचीही एक रीत आहे. राजधानी क्षेत्रातल्याच मेरठच्या वैद्यकीय महाविद्यालयात २०० बाळांवर तिची चाचणी झाली आणि सहा आठवड्यांनी पिळलेल्या गटाचे हिमोग्लोबिन व लोह चांगले आढळले. ती बाळे भरल्या दिवसांची किंवा त्याच्या जवळपासची होती. अठ्ठावीस आठवड्यांआधी जन्मलेल्यांमध्ये मात्र पिळण्याने मेंदूत रक्तस्राव वाढल्याचे एका चाचणीत दिसले. म्हणून हा उपाय सरसकट करण्याचा नाही.

दिल्ली-गुरुग्रामच्या मोठ्या रुग्णालयांत आणखी एक मोह असतो, नाळेतले रक्त बँकेत जपून ठेवण्याचा. पिशवी नीट भरायची तर चिमटा लवकर लावावासा वाटतो. पुढे कधी स्वतःच्याच उपयोगी पडेल या आशेने खासगी बँकेत असे रक्त ठेवण्याची शिफारस भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद करीत नाही. जे रक्त बाळाला आजच हवे आहे, ते हप्ते भरून थंड टाकीत ठेवण्यात कसला शहाणपणा?

ही गोष्ट कळा सुरू झाल्यावर काढण्याची नाही. सातव्या-आठव्या महिन्याच्या तपासणीला जाताना नवऱ्याने किंवा आईने बरोबर जावे आणि ‘बाळ रडले तर नाळ एक-दोन मिनिटांनी बांधाल ना?’ असे डॉक्टरीणबाईंना सरळ विचारावे. सिझेरियन ठरले असेल तरीही विचारावे, कारण त्यातही बरेच डॉक्टर अर्धा-एक मिनिट थांबतात. तेवढा वेळ बाळाला उघडे ठेवायचे नाही. पुसून, फडक्याने झाकून आईच्या पोटावर द्यायचे. बाळ वर ठेवले तर रक्त खाली येत नाही, असा पूर्वी समज होता. तो अर्जेंटिनातील अभ्यासाने २०१४ साली खोटा ठरवला.

सहा महिन्यांनंतर मात्र हा साठाही पुरत नाही. तेव्हा वरणभाताबरोबर पालेभाजी, मांसाहारी घरांत अंडी किंवा मांसाचा मऊ घास सुरू करावा आणि सरकारी दवाखान्यातून किंवा आशाताईकडून मिळणारे लोहाचे पातळ औषध आठवड्यातून दोनदा द्यावे. बाळाची शी काळसर होईल, त्याने घाबरून ते बंद करू नये.