अभय की वाटा?

पुतळ्यांची माळ आपल्यापैकी बऱ्याच जणांनी आजीच्या गळ्यात, नाहीतर निदान सोनाराच्या काचेआड पाहिली असेल. सोन्याच्या गोल, पातळ चकत्या एकीला एक लागून ओवलेल्या. आजच्या पुतळीवर बहुधा लक्ष्मी असते. पण ‘पुतळी’ हे मुळात एका परदेशी नाण्याचं आपल्याकडचं नाव होतं आणि ते नाणं होतं व्हेनिसचं. १२८४ मध्ये व्हेनिसने सोन्याचा डुकाट पाडायला सुरुवात केली. वजन साडेतीन ग्रॅमच्या आसपास, सोनं जवळजवळ शुद्ध. पुढची पाचशे वर्षं त्याचं वजन आणि त्यावरचं चित्र जवळपास तसंच राहिलं. त्यामुळेच मिसरच्या बाजारातून निघून, अरबी समुद्र ओलांडून ते आपल्या सराफापर्यंत आलं तरी कोणी ते फार खळखळ न करता घेई.

या नाण्यावर काय आहे ते एकदा नीट बघा. एका बाजूला संत मार्क उभा आहे आणि त्याच्यासमोर एक माणूस गुडघे टेकून त्याच्या हातून निशाण घेतो आहे. हा माणूस म्हणजे व्हेनिसचा सत्ताप्रमुख, ज्याला ते ‘डोज’ म्हणत. राज्यकर्ते नाण्यावर सहसा सिंहासनावर बसतात, घोड्यावर बसतात, निदान ताठ मानेने तरी दिसतात. इथे राज्याचा प्रमुख स्वतःच्याच नाण्यावर गुडघे टेकून आहे. व्हेनिस कसं वर आलं, याचं अर्धं उत्तर मला या चित्रात दिसतं.

मी निर्मलची. पूर्वी आदिलाबाद जिल्ह्यात असलेलं आणि २०१६ पासून स्वतःच जिल्हा झालेलं तेलंगणातलं गाव. घरात मराठी, बाजारात तेलुगू आणि दख्खनी. समुद्र म्हणाल तर कुठल्याच बाजूला जवळ नाही. आमचं मोठं पाणी म्हणजे गोदावरी. मग निर्मलच्या मुलीने व्हेनिसबद्दल का बोलावं? कारण समुद्रावरच्या व्यापाराशी आमचा संबंध जुना आहे, फक्त त्या व्यापारात आमचं नाव नाही. निर्मलपासून फार लांब नसलेल्या कोनासमुद्रम या गावात मुशीत वितळवून पोलाद तयार होत असे. त्यासाठीचं लोखंड निर्मलच्या बाजूच्या दिमदुर्तीसारख्या गावांतून येई. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत इराणचे व्यापारी हे पोलाद न्यायला स्वतः इथे येत होते. अशा दख्खनी पोलादाच्या तलवारी जगभर गाजल्या त्या मात्र ‘दमास्कस’च्या म्हणून. माल आमचा, घाम आमचा, नाव बाजारपेठेचं.

आपल्या वर्गात, गप्पांत हा विषय निघाला की एक ठरलेलं उत्तर येतं : “आपल्याकडे सिंधुबंदी होती, समुद्र ओलांडणं पाप होतं, म्हणून आपण मागे पडलो.” मला हे उत्तर फार सोपं वाटतं. काही जातींना, काही काळी ही बंदी नक्कीच जाचली असेल. पण व्यापारी काही घरी बसले नव्हते. ‘अय्यावळेचे पाचशे’ नावाचा दक्षिणेतला मोठा व्यापारी संघ घ्या. अय्यावळे म्हणजे आजचं ऐहोळे. या संघाचे उल्लेख कोल्हापूर आणि मिरजेच्या शिलालेखांत सापडतात, आणि याच नावाच्या संघाचा १०८८ चा तमिळ शिलालेख थेट सुमात्रा बेटावर बारूसला सापडला. म्हणजे समुद्र होता, जहाजं होती, संघटना होती, हिंमतही होती. प्रश्न वेगळाच आहे : व्यापाऱ्याच्या जिवाला आणि मालाला जे संरक्षण मिळत होतं, ते कोणाच्या मालकीचं होतं?

याचं आपल्या भागातलं सगळ्यात चांगलं उदाहरण मोटुपल्लीला आहे. आंध्रच्या किनाऱ्यावरचं हे जुनं बंदर वरंगलच्या काकतीयांच्या ताब्यात होतं. तिथे राजा गणपतिदेवाचा १२४४-४५ चा एक स्तंभलेख आहे. त्याला ‘अभयशासन’ म्हणतात. त्या काळी वादळात सापडून जहाज किनाऱ्याला लागलं की त्यातला सगळा माल राजा जप्त करी. तशी रीतच होती. गणपतिदेवाने जाहीर केलं की आम्ही असं करणार नाही. ठरलेली जकात, म्हणजे तिसावा हिस्सा, तेवढी घेऊ आणि बाकी सगळं व्यापाऱ्याचं व्यापाऱ्याला देऊ. कारण काय, तर दया, कीर्ती आणि पुण्य. चंदन, कापूर, मोती, हस्तिदंत, पोवळी, मिरी, सुपारी अशी मालाची यादी आणि जकातीचे दरही कोरून ठेवले. तेराव्या शतकातल्या राजाने दगडावर लिहिलेला हा शब्द मला आजही मोठा वाटतो.

याच शतकाच्या शेवटी मार्को पोलोने मोटुपल्लीच्या राज्याचं वर्णन केलं. पोलो व्हेनिसचाच. गणपतिदेवाची मुलगी रुद्रमादेवी त्याला राजाची विधवा वाटली, पण तिच्या न्यायी कारभाराचं त्याने तोंडभरून कौतुक केलं. हाच पोलो आपल्या ठाण्याबद्दलही लिहितो आणि तिथलं चित्र अगदी उलटं आहे. ठाण्याच्या राजाचा चाच्यांशी करार होता : लुटीतले घोडे राजाचे, बाकीचा माल चाच्यांचा. पोलोला ही गोष्ट राजाला न शोभणारी वाटली.

आता हे दोन राजे शेजारी ठेवा. एक अभय देतो, दुसरा चाच्यांशी भागीदारी करतो. व्यापाऱ्याने काय करायचं? चांगला राजा मिळावा म्हणून प्रार्थना. गणपतिदेवाचं अभय खरं होतं, पण ते गणपतिदेवाचं होतं. १३२३ मध्ये काकतीयांचं राज्य बुडालं. १३५८ मध्ये कोंडवीडूच्या अनपोत रेड्डीला मोटुपल्लीला पुन्हा नवा लेख कोरावा लागला. दगड तोच होता, पण त्यामागचा माणूस गेला की शब्दाची किंमत नव्याने ठरवावी लागत होती.

व्हेनिसची सुरुवात यापेक्षा खूप गरीब आहे. इटलीवर स्वाऱ्या होत होत्या तेव्हा लोक खाजणातल्या दलदलीत पळाले. ५६८ नंतर लाँबार्डांमुळे ही पळापळ वाढली. त्याच्याही आधी, ५३७ च्या सुमारास, कॅसिओडोरस नावाच्या अधिकाऱ्याने तिथल्या लोकांना लिहिलेलं पत्र आहे. ना शेती ना गुरं, दारात जनावरं बांधावीत तशा होड्या बांधलेल्या, आणि धंदा एकच, मीठ. तिथून मासे, मीठ, मग नदीतून आत माल नेणं, मग समुद्र. १०८२ मध्ये बायझंटाइन सम्राटाने व्हेनिसच्या व्यापाऱ्यांना जकात माफ केली. म्हणजे तेही एका राजाकडून सवलत घेतच होते. पण हात पसरून नाही. नॉर्मनांविरुद्ध आपलं आरमार लढवून त्यांनी ती मिळवली होती.

मला त्यांच्या दोन गोष्टी शिकण्यासारख्या वाटतात.

पहिली, वाटा. ‘कोलेगांझा’ नावाचा त्यांचा एक करार होता. एक जण घरी बसून भांडवल देई, दुसरा, बहुतेक वेळा तरुण आणि कफल्लक, ते घेऊन जहाजावर जाई. नफ्यातले तीन हिस्से पैसेवाल्याचे, एक हिस्सा जाणाऱ्याचा. जहाज बुडालं तर पैसेवाल्याचे पैसे बुडाले, जाणाऱ्याच्या डोक्यावर कर्ज नाही. चार फेऱ्या नीट झाल्या की तो पोरगा स्वतः दुसऱ्याला भांडवल देण्याइतका मोठा होई. त्यामुळे जुन्या घराण्यांच्या शेजारी नवी माणसं येऊन बसू लागली आणि कारभारात नवी नावं दिसू लागली.

दुसरी, राज्यकर्त्याला बांधणं. १०३२ नंतर डोजने आपल्या मुलाला सहराज्यकर्ता नेमण्याची वाट बंद झाली. गादीवर बसताना त्याला लेखी शपथ घ्यावी लागे आणि ती दर वेळी जास्तच कडक होत गेली. परदेशी राज्याचं पत्रसुद्धा त्याने एकट्याने उघडायचं नाही. मेल्यावर त्याच्या कारभाराची चौकशी होई आणि काही गैर निघालं तर दंड वारसांकडून वसूल होई. १२६८ मध्ये तर डोज निवडायची अशी पद्धत ठरली की वाचताना हसू येतं. आधी चिठ्ठ्या टाकून तीस जण, त्यांतले चिठ्ठीने नऊ, ते चाळीस निवडणार, त्यांतले चिठ्ठीने बारा... असं करत करत शेवटी एक्केचाळीस जण, आणि ते डोज निवडणार. इतकी उठाठेव एवढ्याचसाठी की कोणाला आधी सेटिंग लावता येऊ नये!

आता कोणी म्हणेल, व्हेनिसचं एवढं कौतुक कशाला? बरोबर आहे, कौतुक आंधळं नको. हेच व्हेनिस माणसं पकडून गुलाम म्हणून विकत होतं, पोपने मना केलं तरी. १२०४ मध्ये क्रूसावरचं सैन्य जेरुसलेमला जायचं ते डोज डांडोलोच्या साथीने कॉन्स्टँटिनोपलला पोचलं आणि ख्रिस्ती लोकांनी ख्रिस्ती शहर लुटलं. सेंट मार्कच्या चर्चचे प्रसिद्ध तांब्याचे घोडे त्याच लुटीतले. नाण्यावर गुडघे टेकलेल्या माणसाने रणांगणावर मान झुकवली असं झालं नाही. नियम त्यांनी एकमेकांसाठी केले होते, जगासाठी नाही.

आणि एकमेकांसाठीसुद्धा ते कायम राहिले नाहीत. १२९७ मध्ये महापरिषदेचं दार बंद झालं. ज्यांची घराणी आत होती त्यांनी ठरवलं की यापुढे सभासद आपल्यातूनच. हा निर्णय घेणारे कोण? कोलेगांझाच्या जोरावर वर आलेल्यांचेच नातू-पणतू असणार. शिडीने माळ्यावर चढायचं आणि शिडी वर ओढून घ्यायची, तसं. पुढच्या काही दशकांत कोलेगांझाही मागे पडला. व्हेनिस लगेच गरीब झालं नाही, उलट पुढे दोनशे वर्षं श्रीमंतच राहिलं, हे मान्य करायला हवं. पण ते वर येणाऱ्यांचं शहर राहिलं नाही, सांभाळून बसलेल्यांचं झालं. १७९७ मध्ये नेपोलियन दारात आला तेव्हा शेवटच्या डोजने न लढता खुर्ची सोडली.

या सगळ्यातून मी पुन्हा निर्मलला येते, कारण माझ्यासाठी प्रश्न तिथला आहे. आमच्याकडची लाकडी खेळणी आणि चित्रं तुम्ही प्रदर्शनात पाहिली असतील. पोणिकी नावाचं हलकं लाकूड कोरायचं, चिंचोक्याची खळ आणि भुसा यांच्या लगद्याने जोड बुजवायचे, मग रंग. हे काम करणाऱ्या घराण्यांना नक्काश म्हणतात. १९५० च्या दशकापासून त्यांची सहकारी संस्था आहे, आणि निर्मलच्या खेळण्यांना भौगोलिक मानांकनही मिळालं आहे. म्हणजे कोनासमुद्रमच्या पोलादाचं जे झालं ते इथे होणार नाही, नाव तरी आपलं राहील. ही मोठीच गोष्ट आहे.

पण मानांकन नावाचं रक्षण करतं, वाटा ठरवत नाही. शहरातल्या दुकानात आंब्यांची ती टोपली ज्या किमतीला जाते, त्यातलं कोरणाऱ्याकडे किती आणि रंगवणाऱ्या बाईकडे किती, हे ते सांगत नाही. या कलेबद्दल आपण बोलतो तेव्हा भाषा नेहमी अभयाची असते : सरकारने मदत करावी, अनुदान द्यावं, मेळावा भरवावा, ‘बिचारे कारागीर’ जगवावेत. मदत मिळाली तर घ्यावीच. वादळात सापडलेल्या जहाजाला मोटुपल्ली दिसलं तर त्याने तिथे थांबावंच. पण साहेब बदलला की अनुदान बदलतं. पोणिकी जंगलात मिळेनाशी होते तेव्हा मेळाव्याचा काही उपयोग नसतो, नवी झाडं लावायचा अधिकार आणि पैसा कोणाकडे आहे, याला उपयोग असतो.

म्हणून मला वाटतं, कारागिरांच्या कुठल्याही सहकारी संस्थेला, निर्मलची असो की पैठणची, आपल्या पिढीने तीन साधे प्रश्न विचारावेत. नफ्याची वाटणी लिहून ठेवली आहे का आणि ती सगळ्यांना वाचता येते का? ज्याच्याकडे फक्त हात आहेत, भांडवल नाही, त्याला सभासद होता येतं का? आणि नक्काशाच्या घरात न जन्मलेल्या मुलाला किंवा मुलीला हे काम शिकून आत येता येतं का? तिसरा प्रश्न सगळ्यात अवघड, कारण दार बंद करायची इच्छा अडचणीत असलेल्यांनाही होते. थोडं आहे, ते आपल्यातच राहू दे, असं वाटणं माणसाला धरून आहे. पण १२९७ ला श्रीमंत व्हेनिसला दार बंद करणं दोनशे वर्षं परवडलं. निर्मलच्या गल्लीला दहा वर्षंही परवडणार नाही. शिकायला नवी मुलं आली नाहीत तर बंद दाराच्या आत राखायला उरणार काय?

आपल्या मंडळात कॉमर्सची मुलं बरीच आहेत. कंपनी कायदा, भागीदारी, नफ्या-तोट्याची वाटणी आपण परीक्षेपुरती पाठ करतो. एखाद्या सुट्टीत आपल्या गावातल्या कारागिरांच्या, कोळ्यांच्या किंवा विणकरांच्या सोसायटीची नियमावली मागून वाचा. कंटाळवाणं काम आहे, मान्य. पण कोलेगांझाही कोणीतरी बसून लिहिलेला एक कंटाळवाणा कागदच होता.