बालगुन्हेगारी : शिक्षेचा वाद आणि विलंबाची किंमत

अल्पवयीन मुलाच्या हातून एखादा निर्घृण गुन्हा घडला, की आपल्याकडे दोन पक्ष ताबडतोब उभे राहतात. 'गुन्हा मोठ्याचा, मग शिक्षा लहानाची का?' असे एक पक्ष विचारतो. 'अखेर ते मूलच आहे' असे दुसरा बजावतो. दोघांचेही लक्ष वयाच्या आकड्यावर खिळलेले असते. त्या मुलाचे पुढे काय झाले, किती दिवसांत झाले आणि त्याच्या हातून पुन्हा तसे घडू नये म्हणून कोणी काय केले, हे मात्र सहसा कोणी विचारीत नाही. समाजाच्या सुरक्षिततेचा खरा संबंध या दुसऱ्या प्रश्नांशी आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

मुलांसाठी निराळी न्यायव्यवस्था असावी, ही कल्पना काही आजची नाही. १९१९-२० च्या तुरुंग समितीने मुलांना प्रौढ कैद्यांपासून दूर ठेवण्याचा आग्रह धरला. त्याच सुमारास मद्रास (१९२०), बंगाल (१९२२) आणि मुंबई (१९२४) या प्रांतांनी मुलांसाठी स्वतंत्र कायदे केले. आपला भंडारा जिल्हा तेव्हा मध्यप्रांतात मोडत असे. तेथे असा कायदा १९२८ साली आला. या कायद्यांमागे केवळ भूतदया नव्हती. अट्टल कैद्यांच्या संगतीत ठेवलेला पोर अट्टल होऊनच बाहेर पडतो, हा तुरुंगांचा रोकडा अनुभव त्यांच्या मुळाशी होता. पुढे पत्रकार शीला बारसे यांनी तुरुंगांत खितपत पडलेल्या मुलांचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात नेला आणि १९८६ साली केंद्राचा बालन्याय कायदा झाला. त्यात मुलासाठी सोळा व मुलीसाठी अठरा वर्षांची मर्यादा होती. २००० सालच्या कायद्याने ती दोघांसाठीही अठरा केली.

डिसेंबर २०१२ मधील दिल्लीच्या अमानुष घटनेने या मर्यादेला हादरा दिला. आरोपींपैकी एक अठरा वर्षांहून लहान होता व त्याला जास्तीत जास्त तीन वर्षेच सुधारगृहात ठेवता येत होते. लोकक्षोभ साहजिक होता. तथापि न्यायमूर्ती वर्मा समितीने जानेवारी २०१३ मध्ये वयोमर्यादा खाली आणण्यास नकार दिला, आणि त्याच वर्षी जुलैमध्ये सर्वोच्च न्यायालयानेही ती बदलण्याचे नाकारले. संसदेने मात्र डिसेंबर २०१५ मध्ये नवा कायदा संमत केला. ज्या गुन्ह्यास किमान सात वर्षांची शिक्षा आहे असा घोर गुन्हा सोळा ते अठरा वर्षांच्या मुलाने केल्याचा आरोप असेल, तर बालन्याय मंडळाने त्याच्या मानसिक व शारीरिक क्षमतेचा आणि परिणामांच्या जाणिवेचा प्राथमिक अंदाज घ्यावा व आवश्यक वाटल्यास त्याला प्रौढाप्रमाणे चालवण्यासाठी बाल न्यायालयाकडे पाठवावे, अशी तरतूद झाली. फाशी व सुटकेची शक्यता नसलेली जन्मठेप मात्र मुलांना वर्ज्यच राहिली.

आता आपल्या राज्यातील दोन प्रकरणे पाहू. मुंबईच्या शक्ती मिल परिसरात २०१३ च्या जुलै व ऑगस्ट महिन्यांत दोन तरुणींवर सामूहिक अत्याचार झाले. प्रत्येक प्रकरणात एक आरोपी अल्पवयीन होता. प्रौढ आरोपींचा खटला जलद चालला. मार्च २०१४ मध्ये ते दोषी ठरले आणि एप्रिलच्या आरंभी तिघांना फाशीची शिक्षाही सुनावली गेली. (ती उच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२१ मध्ये जन्मठेपेत बदलली.) दोन्ही अल्पवयीनांचा निर्णय मात्र जुलै २०१५ मध्ये लागला आणि त्यांना तीन वर्षांसाठी नाशिकच्या बोर्स्टल शाळेत पाठवण्यात आले. ज्या कायद्याने मुलाची चौकशी चार महिन्यांत आटोपावी असे सांगितले होते, त्या कायद्याखाली जवळजवळ दोन वर्षे गेली. आणि प्रौढांचा निकाल मात्र आठ महिन्यांच्या आत लागला. तीन वर्षे थोडी की पुष्कळ, यावर त्या काळी रकाने भरले. त्या दोन वर्षांविषयी फारसे कोणी बोलले नाही.

दुसरे प्रकरण पुण्याचे. १९ मे २०२४ च्या पहाटे कल्याणीनगरात सतरा वर्षांचा मुलगा चालवीत असलेल्या भरधाव मोटारीखाली दोन तरुण अभियंते प्राणास मुकले. त्याच दिवशी त्याला जामीन मिळाला व अटींमध्ये तीनशे शब्दांचा निबंध लिहिण्याची एक अट होती. देशभर संताप उसळला. मग त्याला निरीक्षणगृहात पाठवले गेले आणि ते बेकायदा ठरवून उच्च न्यायालयाने जूनमध्ये त्याची सुटका केली. त्याला प्रौढ म्हणून चालवावे, हा पोलिसांचा अर्ज मंडळाने फेटाळला तो जुलै २०२५ मध्ये, म्हणजे सुमारे चौदा महिन्यांनी. वास्तविक घोर गुन्ह्यातील प्राथमिक अंदाज तीन महिन्यांत पुरा व्हावा, असे कायदा म्हणतो. शिवाय सदोष मनुष्यवधाच्या कलमाला किमान शिक्षाच नाही, आणि किमान शिक्षा नसलेला गुन्हा 'घोर' या वर्गात बसत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२० मध्येच स्पष्ट केले होते. पहिल्या दिवशी नको तितकी घाई आणि नंतर नको तितका विलंब, असे या प्रकरणाचे स्वरूप आहे. मृतांच्या आईबापांना यातून न्याय दिसला नाही, आणि त्या मुलालाही आपल्या कृत्याचा अर्थ कळावा असे यात काही नाही.

अर्थशास्त्राच्या अभ्यासकाला येथे एक जुना सिद्धान्त आठवतो. शिक्षेच्या कठोरपणापेक्षा तिची निश्चिती व तत्परता गुन्ह्याला अधिक आवर घालते, हे बेकारिया या इटालियन विचारवंताने १७६४ साली मांडले. १९६८ मध्ये गॅरी बेकर यांनी गुन्ह्याचा विचार लाभ-हानीच्या हिशेबाने केला. त्यात पकडले जाण्याची शक्यता व शिक्षेचे प्रमाण असे दोन घटक आहेत. त्याला काळाची जोड दिली, की मुलांचा प्रश्न उलगडतो. आपण सारेच उद्याच्या रुपयाची किंमत आजच्या रुपयापेक्षा कमी धरतो. सतरा वर्षांचा मुलगा ती फारच कमी धरतो. तीन वर्षांच्या शिक्षेची दहा वर्षे केली, तरी वाढलेली सात वर्षे त्याच्या दृष्टीने क्षितिजापलीकडे असतात. उलट आपण उद्या पकडले जाऊ आणि महिनाभरात जाब द्यावा लागेल, ही खात्री त्याच्या हिशेबात शिरू शकते. आपण नेमके उलट करतो. दूरची शिक्षा वाढवतो आणि जवळचा जाब लांबवतो.

अमेरिकेने हा प्रयोग आपल्या आधी केला. गेल्या शतकाच्या अखेरच्या दोन दशकांत तेथील अनेक राज्यांनी मुलांना प्रौढ न्यायालयांत धाडण्याचे कायदे केले. तेथील तज्ज्ञ मंडळाने उपलब्ध अभ्यासांची छाननी करून २००७ साली निष्कर्ष काढला, की प्रौढ व्यवस्थेकडे सोपवलेली मुले पुढे एकंदरीत अधिकच हिंसाचार करतात. आपल्या १९१९-२० च्या तुरुंग समितीचा अनुभव आणि हा निष्कर्ष, यांत काय फरक आहे?

याचा अर्थ गुन्ह्याकडे डोळेझाक करावी, असा मुळीच नाही. ज्या घरातील माणूस गेला, त्या घराला आरोपीच्या वयाने दिलासा मिळत नाही. टोळ्या मुद्दाम लहान मुलांना पुढे करतात, हा आक्षेपही खरा आहे. पण त्यासाठी मुलांना वापरणाऱ्या प्रौढाला सात वर्षांपर्यंत सक्तमजुरी व पाच लाख रुपये दंड कायद्यातच लिहिलेला आहे. काही थोडी मुले दीर्घकाळ बंदोबस्तात ठेवावी लागतील, हेही मान्य करावे. परंतु राष्ट्रीय आकडेवारीनुसार २०१२ साली देशातील एकूण दंडसंहितेखालील गुन्ह्यांत अल्पवयीनांचा वाटा १.२ टक्के होता. त्यांतील मोजक्या भीषण प्रकरणांवरून सर्वांसाठी धोरण आखणे हे शहाणपणाचे नाही.

मग कायद्यातील आकडेच का बदलले जातात? कारण आकडा बदलण्यास अंदाजपत्रकात तरतूद करावी लागत नाही. परिवीक्षा अधिकारी नेमायचा म्हणजे त्याला वेतन द्यावे लागते, मानसोपचारतज्ज्ञ लागतो, निरीक्षणगृहात शिक्षक व कसबी निदेशक लागतो. मुलाच्या घरची, शाळेची व संगतीची माहिती देणारा अहवाल दोन आठवड्यांत मंडळापुढे यावा, असे कायदा सांगतो. तो अहवाल कसा तयार होतो, यावर पुढचे सारे अवलंबून असते. तो नुसता छापील नमुना भरून दिला, तर मंडळ अंधारातच निर्णय देणार.

म्हणून भंडाऱ्यासारख्या जिल्ह्यातील सुशिक्षितांनी मुंबई-पुण्याच्या वादात भर घालण्याऐवजी आपल्या घराजवळ पाहावे. आपल्या जिल्ह्याच्या बालन्याय मंडळापुढे किती प्रकरणे सहा महिन्यांहून जुनी आहेत? प्रत्येक पोलीस ठाण्यात नेमावयाचा बालकल्याण पोलीस अधिकारी कोण आहे? धानाची कापणी संपल्यावर कामासाठी गाव सोडणाऱ्या कुटुंबांची मुले हजेरीपटावरून गळतात, त्यांची चौकशी कोण करतो? शिक्षकाला हे मुलाच्या पहिल्या गुन्ह्याच्या पुष्कळ आधी दिसते. कारकुनाला रिकामी पदे दिसतात. विद्यार्थ्यांनी निदान एवढे करावे, की पकडलेल्या मुलाचे नाव व छायाचित्र मोबाइलवरून गावभर फिरवू नये. कायद्याने तो गुन्हा आहे आणि असा शिक्का बसलेल्या मुलाला परतीची वाट उरत नाही.

तीन वर्षे ठेवा की सात, तो मुलगा विशी-पंचविशीत बाहेर येणारच आहे, आणि आपल्यातच येणार आहे. तो कसा होऊन येतो, हे त्या वर्षांत त्याला कोण भेटले व त्याच्याकडून काय करवून घेतले यावर ठरेल. त्याचा हिशेब शासनाकडे मागितला पाहिजे, आणि दरवर्षी मागितला पाहिजे.