पहिला नंबर, मग नऊ वर्षं

कॅम्पसमध्ये पहिल्याच दिवशी प्लेस झालेला कुणी वर्षभरात नोकरी सोडून घरी आला, की होस्टेलच्या कट्ट्यावर लगेच निकाल लागतो : "वाया गेला!" मला हा निकाल घाईचा वाटतो.

मार्क अपेल हा अमेरिकेतल्या स्टॅनफर्ड विद्यापीठाचा बेसबॉल पिचर, म्हणजे चेंडू फेकणारा. २०१२ मध्ये पिट्सबर्गच्या संघाने निवडलं, तर हा पठ्ठ्या ३८ लाख डॉलर नाकारून डिग्री पुरी करायला परत कॉलेजात! विषय मॅनेजमेंट सायन्स अँड इंजिनिअरिंग, म्हणजे आपल्याच जातकुळीतला. २०१३ मध्ये ह्यूस्टनने त्याला देशात पहिल्या नंबरवर उचललं, ६३.५ लाख डॉलर दिले.

पण मेजर लीगआधी मायनर लीगच्या पायऱ्या चढाव्या लागतात. अपेल तिथेच अडकला. फलंदाजांनी धुतलं, कोपर-खांदा दुखावला. त्याच्या मागून दुसऱ्या नंबरवर निवडलेला क्रिस ब्रायंट २०१६ मध्ये लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. अपेलला लोक 'फुसका बार' म्हणू लागले. २०१८ मध्ये त्याने खेळणंच थांबवलं.

२०२१ मध्ये तो पुन्हा मायनर लीगमध्ये उतरला. २९ जून २०२२ ला, तिशीत, फिलाडेल्फियाकडून पहिला मेजर लीग सामना खेळला. पुढे एकूण सामने झाले फक्त सहा.

सहा सामन्यांसाठी नऊ वर्षं? हिशेबात तोटाच दिसेल. पण थांबायचं कधी आणि परतायचं कधी, हे त्याचं त्याने ठरवलं. आपण मात्र ते कट्ट्यावर सोपवतो. खरं वाया जाणं ते हेच, नाही का?