नकाशा खोटं बोलतो, आणि तो बोलणारच!

गेल्या शनिवारी नाहूरला गॅलरीत चहा पिताना एका मित्राशी जुंपली. त्याचं म्हणणं, "नकाशावर मोजलंय ना? मग बरोबरच असणार." च्यायला, हेच वाक्य एकदा मीही म्हटलं होतं आणि तोंडावर आपटलो होतो.

एका जुन्या प्रोजेक्टात दुकानाभोवती १ किमी त्रिज्येचं वर्तुळ काढायचं होतं. बहुतेक वेब नकाशे मर्केटर पद्धतीचे. त्यांच्याच मीटरमध्ये मी १००० टाकले आणि मोकळा झालो. पण नाहूर १९ अंश उत्तरेला. इथे त्या नकाशातलं अंतर जवळजवळ ६ टक्के ताणलेलं असतं. म्हणजे जमिनीवर माझी त्रिज्या भरली फक्त ९४५ मीटर! कडेची सगळी घरं बाहेर.

"पंचावन्न मीटरनी काय होतं?" साहेब, आरटीईच्या प्रवेशात घर शाळेपासून १ किमीच्या आत की बाहेर, याला वजन असतं. तिथे अशी चूक होते असं मी म्हणत नाही. पण झाली, तर एखाद्या पोराची शाळा जाईल.

आता दोष मर्केटरचा का? तर नाही. कागदाची नळी करता येते, चेंडू करता येत नाही. चेंडूवर पोळी घालून बघा, चुण्या पडतील नाहीतर फाटेल. न ताणता, न फाडता गोल पृष्ठभाग सपाट होत नाही, हे गाऊसने १८२७ सालीच गणिताने दाखवलं. मर्केटरने १५६९ मध्ये खलाशांसाठी दिशा सांभाळल्या आणि क्षेत्रफळाचा बळी दिला. म्हणून २१.६६ लाख चौ. किमीचं ग्रीनलंड आपल्या ३२.८७ लाखांच्या भारताहून कितीतरी मोठं दिसतं. घरातलंच उदाहरण हवं? एकाच मापाचं शेत श्रीनगरला कन्याकुमारीपेक्षा सुमारे १.४ पट मोठं दिसेल.

"मग गॉल-पीटर्स वापरा" म्हणणारेही भेटतात. त्यात क्षेत्रफळ बरोबर, पण आफ्रिका पिळून वाळत घातल्यासारखी! एक खोटं सोडलं की दुसरं पत्करावं लागतं.

म्हणून माझं मागणं साधं आहे. प्रत्येक नकाशावर तो काय सांभाळतो आणि काय बिघडवतो हे लिहा. वर्गात भिंतीवरच्या नकाशाशेजारी पृथ्वीचा गोल ठेवा, आणि तो कपाटात कुलपात नको, पोरांच्या हातात द्या. आणि प्रोग्रामर मंडळी, अंतर मोजायचं ते गोलावर, चित्रावर नाही.