येळवशीचा कानोसा

आज येळवस. देवणी तालुक्यातल्या कुठल्याही गावात दुपारी जा, दारांना कड्या आणि गल्ल्या सुन्या. सगळं गाव शिवारात. डोक्यावर आंबिलीचं बिंदगं, टोपल्यात भज्जी, सज्जीच्या भाकरी, उंडे, गव्हाची खीर. ज्याच्या नावावर गुंठाभर जमीन नाही, त्यालाही आज कुणाच्या तरी शेतातल्या कोपीवरचं आवतण असतं. लातूर जिल्ह्यात या दिवसाला स्थानिक सुट्टी मिळते ती उगाच नाही.

गेलेल्यांचे आवाज जिथे अजून विरलेले नाहीत आणि यायच्या दिवसांची चाहूलही जिथे लागते, असा प्रदेश लेखक कथा-कादंबऱ्यांत कल्पितात. आम्हाला तो कल्पावा लागत नाही. मार्गशीर्ष अमावास्येला कडब्याच्या पेंढ्या टेकवून तो आमच्या शेतात उभा राहतो.

या कडब्याच्या कोपीत चुन्याने रंगवलेले पाच दगड मांडलेले असतात, ते पांडव. पूजा झाली की घरातला जाणता माणूस आंबील शिंपडत कोपीला फेरे घालतो आणि 'ओलगे, ओलगे' अशी आरोळी देतो. मागून पोरं तीच आरोळी उचलतात. एखादं पोर विचारतं, "आबा, ओलगे म्हंजी काय?" आबा म्हणतात, "माजा आज्जा म्हनायचा, म्हून म्या म्हन्तो." आरोळीचा अर्थ हरवला, पण आवाज राहिला. सीमेपलीकडे कर्नाटकातले शेतकरी याच अमावास्येला चरग, म्हणजे शेताचा नैवेद्य, शिंपताना 'हुल्लुलिगो' अशी हाक देतात. दोन्ही आरोळ्या शेजारी ठेवून ऐकल्या की आपल्या आज्जाच्याही आज्जाच्या तोंडी कोणती भाषा होती, ते कानाला कळतं. येळवस हे नावच कन्नड एळ्ळ अमावास्येचं. कुणी त्यात एळ्ळु म्हणजे तीळ पाहतात, कुणी एळु म्हणजे सात. ज्येष्ठापासून मोजली तर ही सातवी अमावास्या. उदगीरचा हा सारा मुलूख हैदराबाद संस्थानात आणि पुढेही बिदर जिल्ह्यात होता. 1956 च्या भाषावार पुनर्रचनेत रेघ ओढली गेली, आम्ही इकडे आलो. त्या रेघेने आरोळी मात्र अडली नाही.

पुढच्या काळाची चाहूल त्याच शेतात लागते. या दिवसांत रब्बीची ज्वारी पोटऱ्यात येते. काळी आई दिवसांत असते आणि आजचं चर शिंपणं हे तिचं डोहाळजेवण. काही शेतांत सांजेला दूध उतू घालतात आणि ते कोणत्या अंगाला गेलं त्यावरून पुढच्या सालाचा अंदाज बांधतात. अंधार पडता पडता पोरं पेटता हेंडगा, म्हणजे पलिता, घेऊन शिवारभर पळतात. अजून कणसात दाणा भरलेला नसतो, तरी त्याचं स्वागत होऊन जातं.

पण शिवारात ज्वारीच नसली तर? खरिपात सोयाबीन आणि रब्बीत हरभरा, हे आता आमच्या भागाचं चित्र आहे. कोपीसाठी कडबा मागून आणावा लागतो. कुठे साडी नाही तर हिरवी जाळी बांधून भागवतात. याचा दोष आम्ही शेतकऱ्याला देणार नाही. ज्वारी काढायला मजूर मिळत नाही, पाखरं राखायला माणूस नाही आणि इतकं करून पदरात पडतं ते थोडं. 2023 हे साल जगाने ज्वारीसारख्या भरडधान्यांचं वर्ष म्हणून पाळलं, ते भारताच्याच पुढाकाराने. त्याचा आधार आमच्या धुऱ्यापर्यंत पोचायला हवा होता.

ज्वारी गेली की कडबा जातो आणि कडबा गेला की दावणीवर घाव बसतो. ज्या जनावराने आमच्या देवणीचं नाव देशभर नेलं, ते देवणी गोधन गीर, डांगी आणि इथल्या गावरान रक्तातून घडलं. पांढऱ्या अंगाचा, काळ्या तोंडाचा वानेरा. काळ्या-पांढऱ्या ठिपक्यांचा शेवरा. जवळजवळ पांढराशुभ्र बालंक्या. गाय दुधाला आणि बैल औताला, अशी दुहेरी कामाची ही जात. सोयाबीनच्या गुळीवर ती निभणार नाही. गोठ्यातलं आजचं वासरू हीसुद्धा पुढच्या काळाची चाहूलच आहे.

म्हणून सरकारकडे मागणं आहे: ज्वारीची हमीभावाने खरेदी गावाजवळ आणि वेळेवर करा, लहान रानात चालेल असं काढणीयंत्र गटांना द्या. शेतकरी बांधवांना विनंती आहे: पुढच्या रब्बीत धुऱ्याकडेला चार तासं तरी ज्वारीची घ्या, आपल्या कोपीपुरती आणि आपल्या दावणीपुरती. आणि पोरांनो, आज हेंडगा विझायच्या आत आबांच्या तोंडची ती आरोळी मोबाईलमध्ये भरून ठेवा.