एन. दत्तांची शताब्दी

'बाळा गाऊ कशी अंगाई' या १९७७ सालच्या चित्रपटातील अंगाईगीत ज्या मराठी घरात कधी गुणगुणले गेले नाही, असे घर गोमंतकात शोधूनच काढावे लागेल. सुमन कल्याणपूर यांचा स्वर सर्वांना स्मरतो. ती चाल बांधणारा संगीतकार आपल्या आरोबा गावचा होता, हे मात्र कितीजणांस ठाऊक आहे?

दत्ता नाईक यांचा जन्म १२ डिसेंबर १९२७ चा. मुंबईस सचिनदेव बर्मन यांच्याकडे साहाय्यक म्हणून उमेदवारी करून १९५५ सालच्या 'मिलाप'पासून ते 'एन. दत्ता' म्हणून नावारूपास आले. आडनाव एका अक्षरापुरते उरले आणि त्याबरोबर गावही लोकांच्या नजरेआड झाले!

साहिर लुधियानवी यांचे काव्य आणि एन. दत्तांची चाल ही जोडी आम्हांस विशेष मोलाची वाटते. 'साधना' (१९५८) मध्ये बाजारात बसविलेल्या स्त्रीचे दुःख, 'धूल का फूल' (१९५९) मध्ये बेवारस मुलाला धर्माचा शिक्का न लावता माणूस म्हणून वाढविण्याची आकांक्षा, 'धर्मपुत्र' (१९६१) मध्ये फाळणीची जखम. असे जड, जळजळीत शब्द वाद्यांच्या गदारोळात सहज बुडाले असते. एन. दत्तांनी चाल एक पाऊल मागे ठेवली आणि शब्दाला वाट करून दिली. हा संयम येरागबाळ्याचे काम नव्हे. गोवा मुक्त झाला त्याच वर्षी आपला एक माणूस मुंबईत हे काम करीत होता, याचा अभिमान आपण कधी मिरविला आहे काय?

पुढे 'गुमराह'पासून (१९६३) चोप्रांच्या चित्रपटांचे संगीत रवी यांच्याकडे गेले. चित्रसृष्टीचा तो रिवाजच. तरीही 'मधुचंद्र' आणि 'अपराध' (१९६९) यांतील चालींनी एन. दत्तांनी मराठी रसिकांना बांधून ठेवले. १९८७ च्या डिसेंबरात ते निवर्तले.

२००४ पासून आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव पणजीत भरतो. देशोदेशीच्या कलावंतांचे येथे स्वागत होते, ते व्हावेच. परंतु २०२७ च्या महोत्सवात 'साधना', 'धूल का फूल', 'धर्मपुत्र' आणि 'अपराध' हे चित्रपट दाखविले जावेत, आणि १२ डिसेंबरला कला अकादमीने एन. दत्तांच्या गीतांची मैफल आरोब्यातच भरवावी, अशी आमची मागणी आहे. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, ज्यांनी प्यारेलाल यांना व्हायोलिन शिकविले, तेही १९२७ चेच. त्यांनाही याच वर्षी मान मिळावा. सरकारने तयारी आतापासूनच सुरू करावी. महोत्सवाच्या तोंडावर समिती नेमण्याची आपली परंपरा आम्ही जाणतो.